वारा पडल्यावर

ह्येराननं फळ्यावरची ती तिरकी रेघ तळहातानंच पुसली. डस्टर हाताशी होता, पण तेवढा धीर नव्हता. पुसलेल्या जागी तिनं पुन्हा खडू टेकवला आणि तीच रेघ जरा खाली, दुसऱ्या फाट्याला नेऊन जोडली.

"आता बघा," ती म्हणाली. "शब्द तेच, क्रम तोच. फक्त फांदी हलली."

समोर आठ विद्यार्थी होते. ती बुसानच्या या विद्यापीठात लागली तेव्हा वाक्यरचनेच्या वर्गाला खुर्च्या कमी पडत; आता खिडकीलगतच्या दोन रांगा पुरत होत्या. फळ्यावर वाक्य होतं: चौकीनं वारा पडल्यावर निघ म्हणून सांगितलं. वर झाड काढलेलं होतं, उलटं, म्हणजे मूळ वर आणि फांद्या खाली, एकेका फांदीच्या टोकाला एकेक शब्द. मघाच्या झाडात 'वारा पडल्यावर' हे 'सांगितलं'च्या फांदीला लोंबत होतं. वारा पडला, आणि मग चौकीनं सांगितलं की निघ. आता तेच दोन शब्द 'निघ'च्या फांदीला आले होते. चौकीनं सांगितलं की वारा पडू दे, मग निघ.

तिनं हात वर करायला लावले. पाच जणांना पहिलं झाड खरं वाटलं, तिघांना दुसरं. थोड्या वेळानं पाचातल्या दोघींनी मत बदललं. मागच्या रांगेतला टोपीवाला मुलगा कंटाळून म्हणाला,

"ज्यानं लिहिलंय त्यालाच विचारा की, मॅडम."

वर्ग हसला. ह्येरानही हसली, पण जरा उशिरा. मग तिनं दहा मिनिटं आधीच वर्ग सोडला आणि बाहेरच्या नळावर हात धुत उभी राहिली. खडू केव्हाच निघून गेला होता, तरी पाणी वाहतच होतं.

ज्यानं लिहिलं होतं तो पाच महिन्यांपूर्वी बुडाला होता.

त्याचं नाव चांगदो. मोगुम बेटावर त्याची लहानशी होडी होती, मांदेलीसारखी बारीक मासळी धरायची. फेब्रुवारीतल्या एका सकाळी पाच चाळीसला त्यानं बायकोला फोनवर हा एवढाच निरोप पाठवला. सहाला होडी धक्क्यावरून सुटली आणि सव्वासातला कातळाच्या पलीकडे उलटली. बरोबर पिलगु होता. नऊ वर्षं त्याच होडीवर काम केलेला, शेजारच्याच घरातला माणूस. दोघांपैकी कुणी परत आलं नाही.

बंदराच्या तोंडाशी असलेली चौकी लहान होड्यांना समुद्रात जायची परवानगी देते. त्या सकाळचं बोलणं ध्वनिमुद्रित झालंच नव्हतं. यंत्र अडकून पडलं होतं. पाळीवरचा माणूस म्हणत होता, मी थांबायलाच सांगितलं. नेमके शब्द काय होते असं खोदून विचारलं की तो गप्प व्हायचा. त्यामुळे चौकशी मंडळापुढे उरलं होतं ते सहा शब्दांचं हे वाक्य. त्यात ना स्वल्पविराम, ना पूर्णविराम.

बायकोच्या बाजूनं उभे असलेले थाक वकील जूनमध्ये ह्येरानकडे आले होते. आठवड्याभरात तिनं त्यांच्या हातात दोन झाडं आणि चार पानांचं टिपण ठेवलं. त्यांनी कागद उभा धरून पाहिला, आडवा धरून पाहिला.

"यातलं खरं कुठलं?"

"दोन्ही."

"मंडळापुढे दोन चालत नाहीत, मॅडम. दोन म्हणजे एकही नाही."

मग त्यांनी तिला समजावून सांगितलं, जणू तिला ते कळलंच नव्हतं. पहिलं झाड धरलं तर चौकीनंच त्यांना समुद्रात पाठवलं, चांगदोचा दोष नाही. दुसरं धरलं तर थांब म्हटलेलं असताना तो निघाला, आणि पिलगुचं मरणही त्याच्याच माथी. जाताना त्यांनी सुचवलं, की माणसाची बोलायची एक ढब असते. त्याचे जुने निरोप चाळून पाहा. फोन मात्र बायको हातचा सोडायला तयार नव्हती. पोस्टानं नाही, वकिलांकडेही नाही.

त्यानंतर त्या वाक्यानं ह्येरानचा पिच्छा सोडला नाही. कॅन्टीनमधल्या कागदी रुमालावर, गॅसच्या बिलाच्या पाकिटावर, जिथं हात टेकेल तिथं ती तेच झाड काढू लागली. जेवताना मधेच उठायची, आणि का उठलो ते न आठवून पुन्हा बसायची. दोन-दोन झाडांची वाक्यं तिनं चोवीस वर्षं हौसेनं शिकवली होती. मुलं हसायची, वहीत उतरवून घ्यायची आणि घरी जायची. त्या वाक्यांच्या खाली कुणी बुडालेलं नव्हतं.

सुट्टी लागल्याच्या दुसऱ्याच दिवशी ती मोगुमला निघाली. लाँचच्या आतल्या बाजूला बायका बूट काढून चटईवर पसरल्या होत्या, पिवळीधमक खरबुजं कापून एकमेकींना देत होत्या. तिलाही एक फोड मिळाली. फोड हातात धरून ती बाहेर कठड्याशी आली आणि सबंध दोन तास उभीच राहिली. तिकिटाच्या पाठीवर झाड काढायला घेतलं, तर वाऱ्यानं तिकीटच गेलं.

धक्क्यावर तीन म्हातारे सावलीला बसले होते. तिनं त्यांना फेब्रुवारीतल्या त्या सकाळचं विचारलं. एकजण म्हणाला, साडेपाचच्या सुमाराला वारा पडला होता, एक सिगारेट ओढून होईस्तोवर. दुसरा म्हणाला, काडीमात्र पडला नव्हता, याचे कान गेलेत. तिसऱ्यानं तिलाच विचारलं, की तुम्ही विम्याच्या का? नाही म्हटल्यावर त्याचा रस संपला.

तोकसुन, चांगदोची बायको, वाळवणाच्या अंगणात होती. ठेंगणी, साठीला आलेली बाई. डोक्यावर मानेपर्यंत कापड सोडलेली टोपी, हातात रबरी मोजे. उकडलेली मासळी ती जाळीच्या फळ्यांवर पसरत होती. त्याच फळीच्या दुसऱ्या टोकाकडून आणखी एक बाई पसरत येत होती. ती यांगिम, पिलगुची बायको. दोघींचे हात फळीच्या मधोमध आले, एक वीतभर अंतर राहिलं, आणि दोघींनीही वर न बघता पुढची फळी घेतली.

हातातलं काम संपल्याखेरीज तोकसुन उठली नाही. मग घरात नेऊन तिनं बैठ्या टेबलावर गार सातूचा चहा ठेवला आणि झाकणाच्या पितळी वाटीतून फोन काढला. फोन पुसून, चार्ज करून ठेवलेला होता.

"काही पुसू नका त्यातलं," ती एवढंच म्हणाली.

तीन वर्षांचे मिळून दोनशे बारा निरोप. चांगदोला लिहायचा कंटाळा असावा. मुळे संपले. डिझेल आलं. दुखतंय का अजून. ह्येराननं हवी तशी वाक्यं वेचायला सुरुवात केली. भरती आल्यावर परततो म्हणून पिलगुच्या घरी सांग. हेही तसलंच. भरती आल्यावर सांगायचं, की भरती आल्यावर परतायचं? तिनं विचारलं.

"ते ना? भरतीला परतणार होते. मी निरोप मिळाल्याबरोबर जाऊन सांगितलं."

"कशावरून कळलं तुम्हाला?"

"आले की भरतीला," तोकसुन म्हणाली.

अशी सहा वाक्यं निघाली. एकेकाचा अर्थ तोकसुननं न अडखळता सांगितला. तीन या बाजूला, तीन त्या बाजूला. ह्येराननं पेन्सिल खाली ठेवली. उठून दारापर्यंत गेली, बाहेरच्या उन्हाकडे पाहिलं, परत येऊन बसली. चोवीस वर्षांच्या विद्येत जेवढं होतं ते सगळं तिनं टेबलावर मांडून झालं होतं.

मग तोकसुननं विचारलं, या रेघा कसल्या. ह्येराननं कोऱ्या कागदावर दोन्ही झाडं मोठी काढून तिच्यापुढे सरकवली. कुठला शब्द कुणाला धरून आहे ते दाखवायला रेघा असतात, असं सांगितलं. तोकसुननं एकेका फांदीवरून बोट खाली नेलं, पुन्हा वर आणलं. वाळवणाच्या मिठानं बोटं चिरलेली होती. तिला समजायला टोपीवाल्या मुलाहून कमी वेळ लागला.

"म्हणजे हे इथं लागलं तर चौकीनं पाठवलं. आणि इथं लागलं तर आपल्या मनानं गेले."

"हो."

"आणि खरं कुठलं?"

"दोन्ही होऊ शकतं, एवढंच यावरून कळतं. त्यांच्या मनात काय होतं ते झाडात नसतं."

"मग इतकं शिकून उपयोग काय, बाई?"

हे ती रागानं बोलली नाही. विरलेलं जाळं हातात घेऊन कुणी म्हणावं तसं म्हणाली. पलीकडच्या घरात कुणीतरी भांडी घासत होतं. भिंतीतून आवाज स्पष्ट येत होता. तोकसुननं पंखा एका आकड्यानं वाढवला आणि आपला आवाज उतरवला.

"वकिलांना सांगू नका, पण मी त्या दिवशी हे अंथरुणातच वाचलं. एक डोळा उघडून. मला वाटलं, वारा पडला की निघायला सांगितलंय, म्हणजे धक्क्यावर बसतील, कॉफी पितील. खिडकी वाजत होती. म्हटलं, बरंय, थांबलेत. आणि कूस बदलून सातपर्यंत झोपले."

तोकसुननं कागदाची कड बोटानं सपाट केली.

"निघालोय असं सांगत असतील तर? फोन केला असता तर फिरले असते मागे. माझं तेवढं ऐकायचे."

आणि मग तिनं, कुणी पाढा म्हणावा तशा सपाट आवाजात, पाच महिने मनात घोळवलेलं सगळं सांगितलं. पहिलं झाड खरं असेल तर त्यांची चूक नाही, चूक तिची, कारण तिनं उलटं वाचलं. दुसरं खरं असेल तर तिनं बरोबर वाचलं, आणि मग शेजारच्या लेकरांच्या बापाला त्यांनी नेलं. वकील रोज फोन करून सांगतात, पहिलंच खरं, धीर धरा. ती हो म्हणते आणि फोन ठेवते. कुठलं मागायचं देवाकडे तेही कळत नाही, असं म्हणून ती किंचित हसली.

ह्येराननं तिला त्या सकाळी जसं मनात आलं तसं वाचून दाखवायला सांगितलं. तोकसुननं चष्मा लावला. 'चौकीनं' म्हणून ती जराशी थांबली, 'वारा पडल्यावर निघ' एका श्वासात म्हणाली आणि 'म्हणून सांगितलं' असं खाली सोडून दिलं. दुसरं झाड इतकं स्वच्छ ह्येराननं कुणाच्या तोंडून ऐकलं नव्हतं.

"आणि ते दुसऱ्या तऱ्हेनं कसं वाचतात?"

ह्येराननं वाचून दाखवलं. 'पडल्यावर'पाशी थांबून, मग 'निघ' उचलून. तोकसुन ऐकत राहिली. मग "असं होय," म्हणाली, आणि ह्येरानच्या पेल्यात चहा ओतला.

सुनावणी सप्टेंबरात बुसानला झाली. दालनात एसीची थंडी इतकी होती की बेटावरून आलेल्या बायकांनी खांद्यावर टॉवेल घेतले होते. यांगिम दुसऱ्या रांगेत, काळ्या ब्लाउजमध्ये, मांडीवर पिशवी घट्ट धरून बसली होती. चौकीवरचा माणूस पहिल्या रांगेच्या टोकाला होता. चाळिशीचा, गणवेशाची कॉलर मोठी झालेली, इतका वाळलेला. त्याला विचारलं तेव्हा तो म्हणाला, रोज शंभर होड्यांशी बोलतो साहेब, वारा पडल्यावर निघा असंच म्हणायची सवय आहे. त्या दिवशी वेगळं म्हणालो असेन तर मला आठवत नाही. बसल्यावर त्याच्या हातातला कागदी पेला चेपत गेला.

ह्येराननं पडद्यावर दोन्ही झाडं दाखवली. खालच्या आवाजात, वर्गात बोलते त्याहून हळू, दोन्ही समजावली. अध्यक्षांनी सगळे विचारतात तेच विचारलं.

"वाक्य ते सांगत नाही," ती म्हणाली.

थाक वकिलांनी डोळे मिटून घेतले. अध्यक्षांनी पान उलटलं आणि तोकसुनला उभं केलं. निरोप तुम्हाला आला होता. त्या सकाळी तुम्हाला त्याचा काय अर्थ कळला, तेवढंच सांगा.

तोकसुननं चष्मा काढून पुसला, पुन्हा लावला. समोर कागद होता, पण तिनं आपल्याच फोनवरून वाचलं.

"चौकीनं वारा पडल्यावर," ती म्हणाली आणि थांबली. पुरतं थांबली. मग म्हणाली, "निघ म्हणून सांगितलं."

ह्येरानच्या मांडीवरचे कागद सरकले. तिनं ते धरले.

"म्हणजे ते निघालेत, असं तुम्हाला कळलं होतं?"

"हो. निघालेत असंच कळलं."

"वारा वाजत होता असं काहीजण म्हणतात. तुम्ही फोन केला?"

"नाही. झोपले परत."

दुसऱ्या रांगेत यांगिमनं पहिल्यांदाच मान वर केली आणि तोकसुनच्या पाठीकडे बघत राहिली. तोकसुन समोर बघत होती. थाक वकील भराभर काहीतरी लिहून घेत होते. अध्यक्ष ह्येरानकडे वळले. हे वाचन तज्ज्ञांना मान्य होण्यासारखं आहे का?

ह्येरान उठली. टोकाच्या खुर्चीवरचा माणूस तिच्याकडे बघत होता, तोंड किंचित उघडं ठेवून, निकाल तिच्याच हाती असल्यासारखा. तिच्या जिभेवर दोन वाक्यं होती. एक बोलली असती तर तोकसुनचं सगळं खोटं पडलं असतं. आणि ते सांगायचा अधिकार आपल्याला कुणी दिला, हे तिला त्या क्षणी ठरवता येईना.

"असंही वाचता येतं," ती म्हणाली आणि बसली. त्यात एक अक्षर खोटं नव्हतं. त्या माणसाकडे मात्र तिला पुन्हा बघवलं नाही.

निकाल तीन आठवड्यांनी लागला. चांगदोचा दोष सिद्ध होत नाही. नेमके शब्द उपलब्ध नसल्यानं चौकीवरच्या माणसाचाही ठरवता येत नाही. यापुढे चौकीनं अट आणि हुकूम दोन वेगळ्या वाक्यांत द्यावेत. थाक वकिलांनी फोनवर ते वाचून दाखवलं आणि तुमच्या झाडांचा शेवटी उपयोग झाला म्हणाले. ह्येराननं त्यांचे आभार मानले. त्या रात्री तिला लवकर झोप आली, आणि पहाटे पाचला तिचे डोळे उघडले ते उघडेच राहिले.

पण त्याच्या आधी, सुनावणीच्या दुपारी, ती बाहेर आली तेव्हा तोकसुन इमारतीच्या पायऱ्यांवर बसली होती. ठेवणीतले बूट काढून घरचे रबरी बूट घालत होती. मागून यांगिम आली. दोन पायऱ्या खाली उतरली आणि पाठमोरीच थांबली.

"ताई, तुम्हाला माहीत होतं?"

"हो," तोकसुन म्हणाली.

यांगिम आणखी क्षणभर उभी राहिली. मग पिशवी या हातातून त्या हातात घेऊन बसच्या थांब्याकडे चालू लागली. तोकसुननं तिला रस्ता ओलांडेपर्यंत पाहिलं. थांब्यावर एकच बाक होता आणि लाँचला जाणारी बसही एकच. दोघींना त्याच बसनं जायचं होतं, त्याच गल्लीत शिरायचं होतं, आणि उद्या सकाळी मासळी पसरायला त्याच फळ्यांपाशी यायचं होतं.

ह्येरान जवळ आली. तोकसुननं बुटाची टाच बोटानं वर ओढली आणि तिच्याकडे न बघता विचारलं,

"बाई, मी बरोबर जागी थांबले ना?"

ह्येरान तिच्या शेजारी पायरीवर टेकली.

"बरोबर," ती म्हणाली.

तोकसुननं मान हलवली. ठेवणीतले बूट वर्तमानपत्रात गुंडाळले आणि थांब्याकडे निघाली.